पहिला चेहरा पोऱ्याचा होता

टेलिव्हिजनच्या डब्यात सगळ्यात आधी कुणाचं थोबाड दिसलं? विचारा कुणालाही. शिकलेला असेल तर शास्त्रज्ञाचं नाव सांगेल. कमी शिकलेला म्हणेल, असंल कुणीतरी राजा, नायतर पंतप्रधान. मी पहाटेच्या बदलापूर लोकलमध्ये चौघांना विचारलं. एक म्हणाला, अमिताभ. हसू नका त्याला. त्याची चूक नाही. आयुष्यभर डब्यात जे दिसलं त्यावरनं त्यानं अंदाज बांधला. डब्यात मोठी माणसं दिसतात, म्हणजे पहिला माणूसही मोठाच असणार.

नव्हता, दोस्तहो. पहिलं थोबाड पोऱ्याचं होतं. ऑफिसातल्या पोऱ्याचं. हाक मारली की धावायचं, ही ज्याची नोकरी. वय वर्षं वीस. नाव विल्यम टेंटन. शहर लंडन. साल १९२५, महिना ऑक्टोबर. तारीख सांगतात ती दोन.

२०२५ च्या २ ऑक्टोबरला या गोष्टीला शंभर वर्षं भरली. त्या दिवशी आमच्या शिरगावात दसरा होता, सरकारी सुट्टी गांधी जयंतीची होती, आणि संध्याकाळी वस्तीत धम्मचक्र प्रवर्तन दिनाचा गाण्यांचा कार्यक्रम होता. मंडपात जेवढी माणसं, त्याहून जास्त मोबाईल वर झालेले. टेंटनची आठवण कुणाला येणार? मलाही आली नसती. पण रद्दीतल्या एका पुस्तकात त्याची गोष्ट मी कधीतरी वाचली होती, आणि ती पायात काच घुसावी तशी घुसून बसली होती. आज ती काढतो.

मी मॅट्रिक. गोदीत ठेकेदाराच्या टोळीत काम करतो. कविता लिहितो, पण ते गोदीत कुणाला सांगत नाही. इतिहासाचा प्राध्यापक नाही. त्यामुळे ज्यांना तळटीपा पाहिजेत त्यांनी पुढं वाचू नये. ज्यांना आपल्या थोबाडाची किंमत काय ते पाहिजे, त्यांनी वाचावं.

गोष्ट अशी. जॉन लोगी बेअर्ड नावाचा स्कॉटलंडचा माणूस. पाद्र्याचा पोरगा. तब्येतीनं फाटका, खिशानंही फाटका. दूरचं चित्र तारेतून पाठवायचं खूळ त्याच्या डोक्यात शिरलेलं. त्याचं यंत्र कशाचं? चहाची पेटी, टोपीचा खोका, रफूच्या सुया, सायकलच्या दिव्याची भिंगं, लाखेचे तुकडे आणि सुतळी. आपल्या वस्तीतला रेडिओ दुरुस्त करणारा असतो ना, तसला प्रकार. १९२५ च्या वसंतात त्यानं लंडनच्या सेल्फ्रिज नावाच्या मोठ्या दुकानात तीन आठवडे खेळ लावला. गिऱ्हाइकं यायची, पडद्यावर हलत्या सावल्या बघायची आणि खरेदीला जायची. नुसत्या सावल्या. नाक नाही, डोळे नाहीत. चेहरा अजून पकडीत आला नव्हता.

चेहरा का येत नव्हता ते समजून घ्या, कारण सगळी मेख तिथं आहे. एक मोठी चकती गरगर फिरते. तिला सर्पिल ओळीत भिंगं बसवलेली. माणसावर प्रखर दिव्यांचा झोत टाकायचा. चेहऱ्यावरनं परतलेला उजेड चकतीतून तुकड्यातुकड्यानं आत जातो आणि एका प्रकाशघटावर पडतो. घट त्या उजेडाची वीज करतो. पलीकडं दुसरी चकती त्याच वेगानं फिरते, तिच्यामागं निऑनचा दिवा लुकलुकतो, आणि वीज पुन्हा चित्र होते. आपल्या मुठीएवढं चित्र. उभ्या तीस रेघा, सेकंदाला पाच चित्रं. पण तो घट अर्धवट आंधळा. त्याला दिसायला भरमसाठ उजेड लागायचा. उजेड वाढवला की दिवे तापायचे. दिवे इतके तापायचे की समोर जिवंत माणूस बसवणं कठीण.

म्हणून बेअर्डनं बाहुला बसवला. बोलक्या बाहुल्यांचा खेळ करणाऱ्याकडं असतो तसला बाहुला. त्याचं नाव स्टूकी बिल. दिव्यांच्या आचेनं त्या बाहुल्याच्या तोंडाचा रंग तडकला, केस करपले. बाहुला काही बोलला नाही. बाहुल्याचं तेवढं बरं असतं.

आणि मग तो दिवस. सोहो भागातली २२, फ्रिथ स्ट्रीट. वरच्या माळ्यावर बेअर्डची खोली. त्या दिवशी पलीकडच्या खोलीत बाहुल्याचं नाक दिसलं, भुवया दिसल्या, उजेड-अंधाराच्या मधल्या छटा दिसल्या. बेअर्ड वेडा झाला. आता जिवंत माणूस पाहिजे! आत्ताच्या आत्ता! तो जिना उतरून खाली धावला. खाली दुसऱ्याच कुणाचं तरी ऑफिस होतं. तिथं जो पहिला हाताला लागला त्याच्या दंडाला धरून त्यानं त्याला वर ओढत आणलं. हे मी माझ्या पदरचं सांगत नाही, बेअर्डनं स्वतःच्या आठवणीत तसंच लिहिलंय. दंडाला धरून.

लक्षात घ्या. तो पोऱ्या बेअर्डचा नोकरही नव्हता. दुसऱ्याचा पोऱ्या. पण पोऱ्या हा सगळ्यांचाच असतो. खालच्या ऑफिसातल्या साहेबाला दंडाला धरून वर नेता येत नाही. त्याला विनंती करावी लागते, वेळ घ्यावी लागते, खुर्ची पुसावी लागते.

पोऱ्याला खुर्चीवर बसवलं. दिवे लावले. बेअर्ड पलीकडच्या खोलीत पळाला. बघतो तर पडदा कोरा. काहीच नाही! यंत्र बिघडलं काय? परत आला. पोऱ्या मागं सरकून बसलेला. त्या भगभगत्या उजेडापासून लांब.

इथं आजवर सगळे हसत आलेत. बिचारा पोऱ्या, यंत्राला घाबरला! इतिहास घडत होता आणि ह्याला घाम फुटला! शंभर वर्षं हा विनोद चाललाय.

मी हसत नाही. मी विचारतो, त्यानं चूक काय केली? ज्या आचेनं बाहुल्याचा रंग तडकला, त्या आचेपुढून रक्तामांसाचा माणूस मागं सरकला. ह्याला घाबरणं म्हणत नाहीत. ह्याला अक्कल म्हणतात. वर डोक्यावर कंटेनर लटकत असताना जो मागं सरकतो तो भित्रा नसतो, तो संध्याकाळी घरी पोचतो. गोदीत ही गोष्ट कुणाला शिकवावी लागत नाही. फक्त मुकादमाला कळत नाही, कारण मुकादम खाली उभा नसतो.

दुसरी गोष्ट त्याच माळ्यावरची. २६ जानेवारी १९२६. (तारखांची गंमत बघा. एक २ ऑक्टोबर, एक २६ जानेवारी. आपल्या दोन सरकारी सुट्ट्या.) त्या दिवशी रॉयल इन्स्टिट्यूशन ह्या बड्या विद्वान संस्थेचे चाळीसेक सभासद हा चमत्कार बघायला आले. संध्याकाळच्या उंची पोशाखात. अरुंद जिना चढून. खोली लहान म्हणून थोडे थोडे आत सोडले. त्यांतल्या एका लांब पांढऱ्या दाढीवाल्या गृहस्थाची दाढी चकतीत अडकली आणि थोडे केस गेले. पुढं काय लिहिलंय? की गृहस्थ मोठे खिलाडू, अपघात हसत सोसला, आणि तरीही आपला चेहरा पाठवून घेतलाच.

आता दोन्ही शेजारी ठेवा. पोऱ्या आचेनं मागं सरकला, तो घाबरट. साहेबाची दाढी यंत्रानं खाल्ली, तो खिलाडू. यंत्र तेच, खोली तीच. भाषा बदलली. ही भाषा आपल्याला चांगली ठाऊक आहे. आपण काम नाकारलं की माजलो. त्यांनी नाकारलं की तत्त्व.

आणि क्रम बघा. आधी बाहुला. मग पोऱ्या. मग पोशाखातली माणसं. धोका होता तोवर लाकूड आणि प्लास्टर. धोका थोडा कमी झाला, पण काय होईल ते माहीत नाही, तेव्हा पोऱ्या. नक्की काही होत नाही म्हटल्यावर सभासद. कुठलीही नवीन गोष्ट ह्याच क्रमानं येते. नवीन क्रेन असो, नवीन औषध असो, गटारात उतरायचं असो.

दोन वर्षांमागं आमच्या यार्डात जाहिरातीचं शूटिंग आलं. कुठली कंपनी, कसली जाहिरात, ते सोडा. सकाळी आठला मुकादम म्हणाला, एक माणूस पाहिजे, नुसता उभा राहणारा. आमच्या टोळीतला एक पोरगा गेला. त्याला नवं हेल्मेट घातलं, हातात जुना आकडा दिला. आकडा आता कोण वापरतो? पण शोभेला दिला. आणि दिवे लावले. एप्रिल महिना. वर ऊन, समोर दिवे, खाली तापलेलं डांबर. सकाळी आठपासून दुपारी एकपर्यंत पोरगा उभा. इकडं वळ, तिकडं वळ, हनुवटी वर कर. आम्हांला वाटलं, आता हा टीव्हीवर झळकणार. टोळीत त्याला हिरो म्हणायला लागलो. दुपारी दीडला गाडीतून एक गोरा पोरगा उतरला. व्यायामानं कमावलेलं अंग. त्याच्या तोंडाला काळपट रंग फासला, बनियनला ग्रीस लावलं, तो दोन मिनिटं आकडा धरून उभा राहिला. काम खतम. तो गोदी कामगार. आमचा पोरगा कोण? तो दिव्यांची तपासणी.

त्याला तीनशे रुपये आणि वडापाव मिळाला. त्याचं नाव मी इथं लिहीत नाही. लिहिलं तर उद्या त्याचा गेटपास बंद होईल. नाव लिहिणं आपल्याला किती महाग पडतं ते यावरनंच समजा.

आता टेंटनच्या पैशाकडं येऊ. तो मागं सरकला तेव्हा बेअर्डनं काय केलं? खिशातून अर्धा क्राऊन काढून त्याच्या हातावर ठेवला. अर्धा क्राऊन म्हणजे अडीच शिलिंग. पौंडाचा आठवा हिस्सा. तेव्हाच्या भावानं आपल्याकडचे पावणेदोन रुपयांच्या आतले. मग पोऱ्या पुढं सरकला. बेअर्ड ओरडून सांगत होता, जीभ बाहेर काढ, तोंड वाकडं कर, मान हलव. पोऱ्यानं केलं. पलीकडच्या पडद्यावर माणसाचा जिवंत चेहरा हलला. जगात पहिल्यांदा.

कुणी म्हणेल, बेअर्ड स्वतःच भिकेला लागलेला. तो कुठला शोषक? त्याच्याच घरात दाणा नव्हता. कबूल. शंभर टक्के कबूल. माझं भांडण बेअर्डशी नाही. त्यानं पैसे दिले. पुढं आठवणी लिहिल्या तेव्हा पोऱ्याचं नाव लिहिलं. ‘एक मुलगा’ असं लिहून मोकळा झाला नाही. म्हणून आज तुम्ही-मी टेंटन हे नाव उच्चारतोय. आणि बेअर्डचं तरी काय झालं? बीबीसीनं २ नोव्हेंबर १९३६ ला अलेक्झांड्रा पॅलेसमधनं टेलिव्हिजन सुरू केला, तेव्हा त्याचं यंत्र आणि मार्कोनी-ईएमआय ह्या बड्या कंपनीचं यंत्र आलटून पालटून चालवलं. त्याच महिन्याच्या शेवटी क्रिस्टल पॅलेसला आग लागली, त्यात बेअर्डच्या प्रयोगशाळा गेल्या. फेब्रुवारी १९३७ मध्ये त्याचं यंत्र बंद केलं. मोठ्या माशानं छोटा मासा खाल्ला. १९४६ साली तो वारला. तेव्हा बेअर्डला शिव्या घालून मी माझी लढाई सोपी करून घेणार नाही. बेअर्ड हा मधला माणूस. वरच्यांनी त्याला खाल्लं, आणि त्यानं खालच्याला दंडाला धरलं. एकाच जिन्यावर दोन्ही घडतं. जिना तोच असतो.

माझं भांडण गोष्ट सांगणाऱ्यांशी आहे. ज्यांनी अर्ध्या क्राऊनला ‘लाच’ म्हटलं त्यांच्याशी. अरे, लाच कसली? समोर आच आहे, ती सोसायची आहे, त्याचे पैसे. त्याला मजुरी म्हणतात! आधी फुकट बसवलं, माणूस मागं सरकला, मग मजुरी निघाली. म्हणजे टेलिव्हिजनच्या इतिहासातला पहिला संप अर्ध्या मिनिटाचा होता आणि तो यशस्वी झाला. टेंटनला तसं म्हणायचं नव्हतं, मला माहीत आहे. त्याला फक्त भाजत होतं. पण गिरणीतल्या कुठल्या संपात आधी तत्त्वज्ञान आलं आणि मग भाजायला लागलं? आधी भाजतं.

आणि ज्याच्यासाठी हा लेख लिहायला बसलो ती गोष्ट आता. बहुतेक ठिकाणी ही गोष्ट अर्ध्या क्राऊनपाशी संपते. संपायला नको. टेंटननं म्हातारपणी आपली आठवण सांगितली त्यात पुढचं आहे. खुर्चीवर बसून, जीभ काढून, भाजून झाल्यावर पोऱ्याला वाटलं, मलाही बघू द्या की. तेव्हा दोघांनी जागा बदलल्या. बेअर्ड जाऊन दिव्यांसमोर बसला. पोऱ्या पलीकडच्या पडद्यापाशी गेला. आणि त्यानं बघितलं. इवलंसं चित्र, रेघारेघांचं, त्यात बेअर्डचा चेहरा. बेअर्डनं विचारलं, कसं वाटलं? पोऱ्यानं सरळ सांगितलं, काही खास नाही, फार ओबडधोबड आहे.

वा रे पठ्ठ्या!

म्हणजे जगातला दुसरा चेहरा मालकाचा, आणि तो बघणारा पोऱ्या. टेलिव्हिजनचा पहिला समीक्षक पोऱ्या. पुढच्या शंभर वर्षांत किती जणांची हिंमत झाली डब्याकडं बघून ‘काही खास नाही’ म्हणायची? टेंटनची ही बाजू पुसून काढली गेली, कारण ती विनोदात बसत नाही. घाबरलेला पोऱ्या विनोदात बसतो. जागा बदलून मालकाचं थोबाड बघणारा, आणि त्यावर मत देणारा पोऱ्या विनोदात बसत नाही. तो बोचतो.

तेव्हा मी तुम्हांला विचारतो, दोस्तहो. आपल्याला ह्या शंभर वर्षांत जागा बदलायला मिळाली का?

१९३६ चा तो उद्घाटनाचा दिवस घ्या. पुस्तकात नाव असतं अॅडेल डिक्सन ह्या गोऱ्या गायिकेचं. तिनं गाणं म्हटलं, बरोबर आहे, म्हटलं होतं. पण त्याच दिवशी त्याच कार्यक्रमात बक आणि बबल्स ही अमेरिकेतल्या दोन काळ्या कलावंतांची जोडी होती. फोर्ड वॉशिंग्टन पियानोवर आणि जॉन सब्लेट नाचायला. बुटांच्या टाचांनी ताल धरणारा असा की नाचणारे त्याला गुरू मानतात. लाय फाऊन नावाचे चिनी कसरतपटूही होते. तो दिवस कुणी ध्वनिचित्रात साठवला नाही. गेला हवेत. राहिली ती नावं, आणि नावांतही कुणाचं ठळक, कुणाचं बारीक. काळ्या माणसाचे पाय पहिल्या दिवसापासून त्या डब्यात होते. कुणी पुढं येऊन उपकार म्हणून त्याला आत घेतलं, असं नाही. तो होताच. बारीक अक्षरात होता.

आता मुंबईला या. दिल्लीत टेलिव्हिजन १५ सप्टेंबर १९५९ ला लागला, मुंबईत २ ऑक्टोबर १९७२ ला. पुन्हा तीच तारीख. वरळीला मनोरा उभा राहिला. त्याच सालात ह्याच शहरात पँथर उभी राहिली. मनोऱ्यापासून बीडीडी चाळी चालत दहा-पंधरा मिनिटं. मनोऱ्यातनं चिमणराव-गुंड्याभाऊ निघाले, गजरा निघाला, स्मिता पाटील बातम्या सांगायच्या ते अजून आई-बाप आठवून सांगतात. चांगलं होतं. मी नाव ठेवत नाही. चि. वि. जोश्यांचा चिमणराव आमच्या आज्यानंही शेजाऱ्याच्या खिडकीतनं बघितला आणि पोट धरून हसला. पण खिडकीतनं बघितला. आणि जो बघितला त्याच्या घरातलं जेवणाचं ताट, देवघर, भाषा, सगळं पुण्याच्या वाड्यातलं.

आणि १९७४ च्या जानेवारीत? मनोऱ्याच्या पायथ्याला बीडीडी चाळी पेटल्या होत्या. ५ जानेवारीच्या सभेनंतर लाठ्या चालल्या, दगड चालले, दिवसेंदिवस वरळी धुमसत होती. १० जानेवारीच्या मोर्चात वरनं पाटा आला आणि भागवत जाधव गेला. चेहरे होते की तिथं! हलते, ओरडते, रक्ताळलेले. उजेड भरपूर होता. कॅमेरा दहा-पंधरा मिनिटांवर होता. दोस्तहो, चेहरा नव्हता म्हणून पडदा कोरा राहत नाही. चकती दुसरीकडं वळवलेली असते म्हणून राहतो.

कधीतरी कुणी चकती वळवतो. १९८५ साली आनंद पटवर्धनच्या ‘हमारा शहर’ मध्ये विलास घोगरे गातो. झोपड्या तोडल्या जातायत आणि हा गातो. तो आवाज राहिला. जुलै १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळ्यांनी दहा जण मेले, आणि १५ जुलैला विलासनं स्वतःला संपवलं. २०११ साली पुन्हा चित्रपट आला, ‘जयभीम कॉम्रेड’, त्यात त्याचं नाव सगळ्या देशानं ऐकलं. का ऐकलं? आवाज धरणाऱ्यानं नावही धरून ठेवलं म्हणून. बेअर्डनं पोऱ्याचं ठेवलं तसं. असे किती विलास असतील ज्यांचा आवाज धरला आणि नाव सोडलं? आणि किती, ज्यांचा आवाजही नाही?

इथवर वाचून तुम्ही टाळ्या वाजवत असाल तर थांबा. कारण आता आपली पाळी.

२ ऑक्टोबरच्या त्या रात्री आमच्या शिरगावात, त्या मंडपात, एक म्हातारा ढोलकी वाजवत होता. गाणारी पार्टी कल्याणहून आलेली. ढोलकीवाला आयत्या वेळी इथलाच धरला. दंडाला धरूनच म्हणा. दिवसभर बांधकामावर होता, अंघोळ करून तसाच आला. पण काय वाजवली! शाई उडून जाईल अशी वाजवली. मंडपातले सगळे मोबाईल त्याच्या बोटांवर. दोन वेळा स्टेजवरचा पिवळा हॅलोजन त्याच्या तोंडावर वळवला, चांगला दिसावा म्हणून. त्यानं डोळे मिटले, मान फिरवली. एक पोरगं ओरडलं, काका, इकडं बघा की!

दुसऱ्या दिवशी ती रील गावभर. गोदीत माझ्या मोबाईलवर दोन टोळ्यांतनं आली. पाठवणाऱ्याला माहीत नाही की मी तिथंच होतो. खाली गाणाऱ्या पार्टीचं नाव, मंडळाचं नाव, मंडळाच्या अध्यक्षाचं नाव, बॅनरवर फोटो असलेल्या नगरसेवक होऊ घातलेल्याचं नाव. ढोलकीवाल्याचं नाही. मी मंडळाच्या पोरांना विचारलं, अरे, त्याचं नाव काय? एक म्हणाला, ते काका रे, खालच्या गल्लीतले. मानधन किती दिलं? ठरलं नव्हतं. मग? चहा-नाश्ता केला ना त्यांनी.

चहा-नाश्ता! साल्यांनो, १९२५ सालच्या भिकारी बेअर्डनं अर्धा क्राऊन तरी दिला होता!

आपण ब्राह्मणी टीव्हीला शिव्या घालतो. घालायलाच पाहिजेत. पण आता कॅमेरा आपल्या खिशात आहे, चकती आपल्या हातात आहे, आणि आपणही दंडालाच धरतो. आपणही म्हणतो, चेहरा दे, हात दे, ताल दे, नाव कशाला पाहिजे? आणि स्वतःचं थोबाड तर आपण फुकट देत सुटलोय. सकाळी एक रील, रात्री एक रील. गाडीच्या दारात लटकून, रुळावर उभं राहून, क्रेनखाली उभं राहून. आच सोसायची आपण, अर्धा क्राऊन भलत्याच्याच खिशात. वर आपल्याला वाटतं, आपण दिसलो म्हणजे जिंकलो. दिसणं म्हणजे जिंकणं नव्हे. स्टूकी बिलही दिसला होता. टेंटनच्या आधी दिसला होता.

मग टेंटन बाहुल्यापेक्षा वेगळा कुठं? तीन ठिकाणी. भाजलं तेव्हा तो मागं सरकला. पुढं यायचे त्यानं पैसे घेतले. आणि काम झाल्यावर म्हणाला, आता मला बघू द्या. बाहुला ह्यांतलं एकही करू शकत नाही. ह्या तीन गोष्टी जो करतो तो माणूस. जो करत नाही, त्याला कितीही लाईक मिळोत, तो तडकलेल्या रंगाचा बाहुला.

तेव्हा माझं म्हणणं लांबवत नाही. आपल्या कुठल्याही कार्यक्रमाचं, मोर्चाचं, गाण्याचं चित्र काढाल तर त्यात जो कष्टला त्याचं नाव खाली आलं पाहिजे, अध्यक्षाच्या आधी. वाजवणाऱ्याला, गाणाऱ्याला, मांडव घालणाऱ्याला, दिवा धरणाऱ्याला पैसे आधी ठरवून द्यायचे, आणि ‘समाजाचं काम’ ह्या नावाखाली बुडवायचे नाहीत. आणि काढलेलं चित्र त्याला बसवून दाखवायचं. तो म्हणाला, काही खास नाही, तर ऐकून घ्यायचं. राग आला तरी ऐकून घ्यायचं.

मी त्या म्हाताऱ्याकडं जाऊन आलो. खालच्या गल्लीत, पत्र्याच्या घरात. त्याच्याकडं साधा फोन आहे, बटणांचा. ती रील त्यानं बघितलीच नव्हती. सगळ्या बदलापुरानं बघितली, त्यानं नाही. मी माझ्या मोबाईलवर दाखवली. त्यानं चष्मा लावला, मोबाईल हातात घेतला, लांब धरला, जवळ धरला. पूर्ण बघितली. मग मला म्हणाला, मधी एक ठेका चुकलाय, तुमच्या ध्यानात आला न्हाई?

नाही आला, काका. आमच्या कुणाच्याच नाही आला. आम्ही नुसतं बघत होतो.

त्याला मी विचारलं, नाव छापू का? म्हणाला, आधी मंडळाकडनं माझे पैसे आणा, मग छापा.

पैसे आणायला चाललोय. कोण कोण येतंय बोला.

जयभीम.